दुसरे इतिहास नोंदवणाऱ्या बाडाचे नियम कसे ठरवू? (कथेसाठी मदत हवीय)

माळ्यावरची_पेटी

नमस्कार मंडळी. गेले सातआठ महिने एका दीर्घकथेत अडकून पडलेय. इथे इतिहासातले जाणकार आणि कथा लिहिणारे दोन्ही आहेत म्हणून सरळ विचारते.

कथा थोडक्यात अशी. वाईतला एक जुना वाडा पाडून तिथे बिल्डिंग होणार आहे, सामान आवरायला आलेल्या सुनेला माळ्यावर खारव्यात बांधलेलं एक बाड मिळतं. सगळं मोडीत. घरात कुणालाच मोडी येत नाही म्हणून ती शनिवार-रविवारचा वर्ग लावते, हळूहळू अक्षर लागायला लागतं, आणि मग तिच्या लक्षात येतं की ह्यातला एकही इतिहास आपला नाही. म्हणजे माणसं आपलीच, गावं नद्या किल्ले आपलेच, पण कुठेतरी एका जागी गोष्ट वेगळी वळलीय आणि तिथून पुढे सगळं निराळं. आणि हे गोष्टीसारखं लिहिलेलं नाही हां, नुसत्या नोंदी आहेत, एका पानावर एक इतिहास. पानं मोजायला घेतली की दर वेळी आकडा वेगळा येतो.

तर अडचण अशी की पहिली तीन पानं मी पानिपतावर लिहिली, अर्थात. विश्वासरावांना गोळी लागलीच नाही, भाऊ जिंकले, अब्दाली खैबरपलीकडे, दिल्लीत भगवा वगैरे वगैरे. लिहिताना अंगावर काटा आला होता खरं सांगते. नवऱ्याला वाचायला दिलं तर तो म्हणाला छान आहे, पण मग पुढे काय? आणि खरंच, पुढे काही नाहीच. सगळंच शक्य आहे असं म्हटलं की कशालाच वजन राहत नाही, हे नाही आवडलं तर पान उलटा, पुढच्या पानावर दुसरं.

नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ आपण सगळ्यांनीच वाचलीय. तिथे पंत त्या दुसऱ्या इतिहासात जाऊन येतात आणि बखरीचं एक फाटकं पान खिशातून सोबत येतं. ते एकच पान आहे म्हणून केवढं जड वाटतं! माझ्याकडे शेकडो पानं आहेत आणि सगळी हलकी.

दोन प्रश्न. एक, ह्या बाडाला नियम काय लावू, कुठला इतिहास त्यात येतो आणि कुठला येत नाही? दोन, नोंद प्रत्यक्ष कागदावर दिसेल कशी? मला बखर नकोय, बखरीत लिहिणारा फार बोलतो.

---

बोरू_आणि_दौत

मोडी वाचून बारा वर्षं झाली, दफ्तरात बसून रुमाल (कापडात बांधलेले कागदांचे गठ्ठे) सोडायचं व्यसन आहे म्हणा, त्यामुळे आधी तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर देतो कारण पहिल्याचं उत्तर त्यातूनच निघेल असं वाटतं.

बखर नको म्हणालात ते बरोबर. पण पोथीही नको. आपल्याकडे नोंदींचं जे खरं पुस्तक असतं ते म्हणजे खतावणी. दिवसाचा व्यवहार जसा घडला तसा रोजकीर्दीत लिहायचा आणि मग प्रत्येक नावाचं खातं काढून तो खतावणीत चढवायचा. पेशवे दफ्तरात बसलात तर कळेल की राज्य म्हणजे तलवारी कमी आणि हिशेब जास्त. बैलाला किती दाणा दिला, कुणाला किती सनगं (कापडं) दिली, देवाला तेलवातीला काय लावून दिलं, पान पान भरून तेच. तुमचं बाड लिहिणारा माणूस कारकून आहे, कवी नाही. आपण जगतो ती रोजकीर्द, आणि त्याच्याकडे आहे ती खतावणी, प्रत्येक इतिहासाचं एक खातं.

आता नियम. खात्याला दोन बाजू असतात. जमा म्हणजे आलेलं आणि नावे म्हणजे गेलेलं. एक बाजू लिहून कुठलाही कारकून पान सोडत नाही.

पानिपताचंच बघा. १४ जानेवारी १७६१ ला विश्वासराव वाचला ही झाली जमा. मग नानासाहेब त्या धक्क्याने खचले नाहीत, २३ जून १७६१ ला पर्वतीवर त्यांचा शेवट झाला नाही. हेही जमेला. पण मग गादीचा वारस थोरला मुलगा, म्हणजे विश्वासराव. आणि माधवराव? तो राहतो धाकटा भाऊ. सोळाव्या वर्षी पेशवेपद अंगावर पडलंच नाही. राक्षसभुवनला १७६३ साली निजामाला हरवणारा, रामशास्त्र्यांचं ऐकून घेणारा, पानिपतानंतर दहाच वर्षांत ज्याच्या कारकिर्दीत मराठे परत दिल्लीत पोचले तो माधवराव त्या इतिहासात नाहीच! असेल शनिवारवाड्यात कुठेतरी, घोडे बघत असेल, आणि २७ व्या वर्षी क्षयाने थेऊरला जाईल, किंवा थेऊरलाही जाणार नाही. कंपनी सरकारचा अधिकारी असूनही ग्रँट डफने लिहून ठेवलंय की ह्या माणसाचा अकाली मृत्यू मराठी राज्याला पानिपताहून कमी घातक नव्हता. तुमच्या पहिल्या पानावर आपण जिंकलो आणि त्याची किंमत म्हणून माधवराव दिला. आता ते पान हलकं वाटतंय का सांगा.

फक्त एक करा, ही नावेची बाजू तुमच्या नायिकेला लगेच वाचता येऊ देऊ नका. मोडीत शब्द तोडत नाहीत, बोरू न उचलता ओळ पुढे जाते, नवशिक्याला जमेची बाजू लागते आणि नावेची लागायला महिना जातो, असं आमच्या वर्गात खरंच व्हायचं.

दुसरं, तारखा. ह्यात खूप गंमत आहे, सोडू नका. जुन्या कागदात एका दिवसाला तीनतीन सन असतात. पानिपताचाच दिवस घ्या, शालिवाहन शके १६८२ पौष शुद्ध अष्टमी. शुहूर सनात तेच साल अरबी आकड्यांत शब्दांनी लिहितात, इहिदे सितैन मया व अलफ, म्हणजे एक, साठ, शंभर आणि हजार, ११६१. हा सन मृग लागला की बदलतो, शेतकऱ्याचं वर्ष आहे ते. आणि तिसरा राज्याभिषेक शक, त्याचं ८७ वं वर्ष. आता विचार करा, ज्या इतिहासात शके १५९६ च्या ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला रायगडावर राज्याभिषेकच झाला नाही त्या खात्यावर राजशक येणारच नाही. कारकून तिथे काही सांगत नाही, नुसता तो सन लिहीत नाही. वाचणारी तारखेपाशीच थांबते आणि तिला कळतं की इथे महाराज झालेच नाहीत. एक शब्द न लिहिता.

तिसरं, खातं कुठे फुटतं. सगळंच शक्य असेल तर तुम्ही म्हणता तसं होणार. म्हणून नियम करा की जिथे कुणाच्या तरी हातात खरोखर दोन्ही गोष्टी होत्या तिथेच खातं फुटतं. नारायणराव, ३० ऑगस्ट १७७३. ‘धरावे’चं ‘मारावे’ केलं ही आख्यायिकाच आहे, तो कागद कुणी पाहिलेला नाही, पण लोकांनी शेकडो वर्षं ती का सांभाळली असेल? कारण लोकांना माहीत आहे की इतिहास बदलायला एक अक्षर पुरतं. तुमच्या बाडात तो कागद असू द्या. एका पानावर ध, एका पानावर मा, बाकी अक्षरन् अक्षर सारखं.

---

उकिडवा_बसलेला

बोरू यांचा प्रतिसाद वाचून कामाला दांडी मारावीशी वाटली, फार सुंदर. पण मला एक म्हणायचंय, पेशवे आणि छत्रपती सोडून बाहेर या ना. खतावणीत फक्त सरदारांचीच खाती असतात का?

पुण्याचा प्लेग घ्या. मुंबईत १८९६ च्या सप्टेंबरात साथ ओळखली गेली. हाफकिन ह्या शास्त्रज्ञाने भायखळ्याला लस तयार केली आणि १० जानेवारी १८९७ ला स्वतःला टोचून घेतली. बरोबर दोन महिन्यांनी, १० मार्च १८९७ ला, सावित्रीबाई फुले गेल्या. मुंढव्याहून एक आजारी मुलगा पाठीवर घालून त्यांच्या दत्तक मुलाच्या, यशवंतच्या दवाखान्यात आणला होता, त्यात त्यांनाच प्लेग झाला. आणि सांगतात की तो मुलगा वाचला.

आता हे खातं लिहून बघा. सावित्रीबाई वाचतात, हे जमेला. कशामुळे वाचतात? त्या दिवशी मुंढव्याला गेल्या नाहीत म्हणून. नावेच्या बाजूला तो मुलगा. मी हे दोन दिवस डोक्यात घोळवतोय आणि मला ते पान उलटवत नाहीये, कारण त्या बाईंना तुम्ही ते बाड दाखवलं असतं, दोन्ही बाजू वाचून दाखवल्या असत्या, तरी त्यांनी मुलाला उचललंच असतं ह्यात मला तिळभर शंका नाही. म्हणजे तिथे खातं फुटतच नाही! बोरू म्हणतात तसं ‘हातात दोन्ही होतं’ हा नियम लावला तर ह्या ठिकाणी बाडात पानच नसणार. तुमची नायिका ते पान शोधत बसेल, आज सापडेल उद्या सापडेल, आणि ते नाहीच. माझ्या मते ही तुमच्या कथेतली सगळ्यात मोठी जागा होऊ शकते.

---

अंत्रुजेतला

गोंयचो हांव, पण इथे मराठीतच लिहितो.

आमच्याकडचं एक खातं देतो. नोव्हेंबर १६८३. संभाजीराजांच्या माणसांनी रात्रीचं जुवे बेट घेतलं. ज्यांनी जुवे पाहिलंय त्यांना कळेल, तिथून जुनं गोवें म्हणजे हाकेच्या अंतरावर, मध्ये नुसतं पाणी. शहरात घबराट. व्हाइसरॉय कोंदि द आल्व्होर स्वतः लढायला गेला तो मार खाऊन परत आला, आणि मग बॉं जेझूस चर्चमध्ये सेंट झेवियरच्या शवपेटीपाशी जाऊन त्याने आपला अधिकारदंड संताच्या स्वाधीन केला, आता तूच बघ म्हणून. आणि तेवढ्यात शहाआलमची मोगल फौज घाट उतरून आली, १६८४ च्या जानेवारीत राजांना मागे फिरावं लागलं. शहर वाचलं.

इथपर्यंत सगळ्यांना माहीत असतं. पुढचं कमी लोकांना माहीत आहे. त्याच आल्व्होरने २७ जून १६८४ ला हुकूम काढला की तीन वर्षांत इथल्या लोकांनी आपली भाषा टाकून पोर्तुगीज बोलायचं. जुव्याच्या त्या रात्रीनंतर सात महिन्यांनी. दंड पेटीपाशी ठेवणारा हात आणि ह्या हुकमावर सही करणारा हात एकच!

मला लहानपणापासून असं वाटतं की फौज आठ दिवस उशिरा आली असती तर तो हुकूम निघालाच नसता. तुमच्या बाडात हे पान असेल तर त्यात लढाई लिहू नका, नुसतं लिहा की अमुक साली हुकूम नाही. एवढंच. कोकणी माणसाला ते वाचून पुरे होईल.

नावेच्या बाजूला काय, ते मी ठरवू शकत नाही, आणि ते माझ्याकडून होणारही नाही. आमच्या शेजारची कुटुंबं, त्यांची कांतारां, मांडो ही गाणी, आमच्या वाड्यावरचा अर्धा स्वयंपाक, हे सगळं त्या शहर वाचण्यातूनच आलंय. हे नसलेलं गोंय मला नको. म्हणून म्हणतो, तुमच्या कथेत असं एक माणूस ठेवा जो आपल्या गावाचं पान वाचायला नाही म्हणतो.

---

कावेरीकाठ

चेन्नईहून लिहितेय, घरी तंजावरी मराठी बोलतो, चुकलं तर सांभाळून घ्या.

तुम्ही सगळे ‘दुसरा इतिहास’ म्हणताय ते वाचून मला थोडं हसू येतं आणि थोडं वाईटपण वाटतं. शिवाजी महाराजांचे सावत्र भाऊ एकोजीराजे तंजावरला गादीवर बसले ते १६७० च्या दशकात, म्हणजे रायगडाच्या राज्याभिषेकाच्या आगेमागेच. आमचं राज्य १८५५ पर्यंत चाललं. मराठी नाटकं इथे राजवाड्यात लिहिली गेली. बृहदीश्वराच्या देवळात भिंतीवर १८०३ चा मराठी शिलालेख आहे, भोसल्यांची वंशावळ आणि चरित्र, केवढा तरी मोठा, तुम्ही वाचत वाचत चालत राहता. शाळेतल्या मराठी पुस्तकात हे किती ओळी असतं? तुमच्याकडच्या माणसाला ते बाडातलंच पान वाटेल.

तर माझी सूचना एवढीच की बाडातल्या प्रत्येक पानाला त्याचा लिहिणारा असतो आणि त्याच्यासाठी ते पान ‘दुसरं’ नसतं. त्याच्या माळ्यावर कदाचित तुमची खतावणी असेल, तो तुमचं पान वाचून म्हणत असेल, अरेरे, ह्यांच्याकडे विश्वासराव पडला.

---

पर्वतीचा_चढ

जमाखर्चाचा नियम मला पटला नाही, माफ करा. म्हणजे सुंदर आहे, पण माणसं तशी जगत नाहीत. सगळ्याची फेड होते असं म्हणणं हीसुद्धा एक समजूतच झाली की, आणि ती बाड लिहिणाऱ्याची असेल तर चालेल, कथेची नको.

पार्वतीबाईंचं काय करणार? सदाशिवरावभाऊ पानिपतावरून आले नाहीत. बाकीच्यांच्या मृत्यूचं कळलं, पत्रं आली, मोती गळाले मोहरा हरवल्या, खुर्द्याची तर गणतीच नाही अशा सांकेतिक भाषेत. भाऊंचं प्रेत म्हणून जे होतं त्याबद्दल शंका राहिली. पार्वतीबाईंनी वैधव्य घेतलं नाही. कुंकू पुसलं नाही. ती बाई शनिवारवाड्यात राहून वर्षानुवर्षं दुसऱ्या इतिहासात जगत होती, असा इतिहास की जिथे भाऊ जिवंत आहेत आणि वाटेत आहेत. तिला बाड लागलं नाही.

आणि ती एकटी नव्हती. तोतया आलाच ना! मीच भाऊ म्हणून सांगणारा माणूस, कैदेत होता, १७७६ साली सुटला आणि कोकणातले किल्ले त्याच्या हाती गेले, माणसं गेली त्याच्या बाजूने. मूर्ख होती का सगळी? मला नाही वाटत. पंधरा वर्षं झाली होती तरी घरोघरी कुणीतरी परत यायचं राहिलं होतं, आणि हा एक परत आला असं म्हणत होता. मग पकडला, पुण्यात देहान्त शासन झालं. ज्यांनी त्याला मुजरा केला त्यांच्यापुरता तो इतिहास काही महिने खरा होता, तो कुठल्या खात्यात धरायचा?

माझं म्हणणं, बाडात कुठला इतिहास येतो तर ज्याची कुणीतरी वाट बघितली तो. नुसतं शक्य असून भागत नाही. वाट बघणारं माणूस गेलं की पान कोरं होतं. म्हणून पानांचा आकडा दर वेळी वेगळा येतो.

---

बोरू_आणि_दौत

पर्वती, मान्य. पानांच्या आकड्याचं कारण तर मला सुचलंच नव्हतं. जमाखर्च कारकुनाचा राहू द्या आणि पानं असणं-नसणं तुमच्या नियमाने होऊ द्या, दोन्ही चालतील. कारकून हिशेब लावत बसलाय आणि पानं त्याच्या हाताखालून जातायत.

अजून एक राहिलं. जुन्या पत्राच्या, सनदेच्या शेवटी मोर्तब, म्हणजे शेवटचा शिक्का असतो, मजकूर इथे संपला, ह्याखाली कुणी काही वाढवू नये म्हणून. तुमच्या बाडातल्या एकाही पानावर मोर्तब नको.

---

माळ्यावरची_पेटी

काय बोलू कळत नाहीये. रात्री पोरं झोपल्यावर सगळं दोनदा वाचलं आणि जुनी तीन पानं काढून टाकली, दिल्ली भगवा सगळं. उकिडवा, तुमचं नसलेलं पान मी घेणार आहे, परवानगी धरून चालते. अंत्रुजेतला, पान वाचायला नाही म्हणणारं माणूस म्हणजे माझ्या नायिकेची सासू, ती माझ्याकडे होतीच पण तिचं काय करायचं ते कळत नव्हतं.

पानिपताचं खातं नव्याने लिहिलं ते खाली देतेय. भाषा तपासा कृपया.

*खातें. सन इहिदे सितैन मया व अलफ. शके १६८२ पौष शुद्ध ८ गुरुवार. मुक्काम पानिपत.*

*जमा.*
*गोळी चुकली. राव सलामत.*
*भाऊ हत्तीवरून उतरले नाहींत.*
*बुणगे घरास पोहोंचले. मोजदाद चालू.*

*नावे.*
*धाकटे राव. राज्य नाहीं.*
*रामशास्त्री. सांगावें कोणास.*
*थेऊर. नदीकांठीं गांव, याउपर कांहीं नाहीं.*

*पार्वतीबाई.*

पार्वतीबाईंच्या पुढे मी काही लिहिलेलं नाही. जमेला की नावे तेही ठरवलं नाही, दोन्हीच्या खाली मधोमध नाव ठेवलंय. त्या इतिहासात भाऊ घरी आले, म्हणजे तिला वाट बघावी लागली नाही, म्हणजे पर्वतीच्या नियमाने ते पान कुणासाठी उरलं? इथे मी तासभर बसले होते.

---

पर्वतीचा_चढ

नाव तसंच मधोमध राहू द्या. पान आपल्याकडच्या पार्वतीबाईंमुळे उरलंय, त्या इतिहासातल्या पार्वतीबाईंमुळे नाही.

---

बोरू_आणि_दौत

भाषा ठीक आहे. ‘बुणगे’ सुरेख आलंय, फौजेमागची न लढणारी माणसं, त्यांची मोजदाद कुणी करत नाही. ‘पोहोंचले’ ऐवजी ‘पावले’ करा, तेव्हा तसं लिहीत. आणि वार चुकलाय, त्या दिवशी बुधवार होता.

---

माळ्यावरची_पेटी

पावले केलं. वार मुद्दाम बदलला नव्हता, चुकूनच गेला, पण आता बघत बसलेय की गुरुवार तसाच ठेवावा का. लढाई एक दिवस थांबली असती तर?

---

बोरू_आणि_दौत

मग तिथी नवमी करावी लागेल. आणि उपाशी फौजेला अजून एक दिवस काय खायला घातलं तेही लिहावं लागेल, नावेच्या बाजूला.